दीडपट

सानिकाच्या चिठ्ठीत 'असावी' निघालं.
बाईंनी डब्यात हलवल्या होत्या चिठ्ठ्या,
अर्ध्या असावी, अर्ध्या नसावी.
आता शनिवारी तिला फाशी टिकवायची आहे
पाच मिनिटांत. चौथ्या मिनिटाला घंटा.

अण्णा बावीस वर्षं येरवड्यात शिपाई,
नंतर सांगलीच्या यार्डात हळदीच्या काट्यावर तोलार.
आम्हाला दुसरीच नोकरी ठाऊक.
पहिलीबद्दल आई एवढंच म्हणायची, पगार वेळेवर होता.

सानिका मोठ्यानं वाचते, हातवारे करत.
कुठं तलवार, भर चौकात.
कुठं पाच बंदुका, त्यातली एक पोकळ,
कुठली ते कुणालाच सांगत नाहीत.
'मग पाचीबी जण घरी जाऊन म्हणत असतील,' अण्णा म्हणतात,
'माझीच पोकळ हुती.'

कुठं खुर्चीतून वीज.
'आन लाइट गेली तर?'
ती हसते. ते हसत नाहीत.

कुठं दगड, आणि दगडाचं मापही नेमलेलं,
फार मोठा नको, फार बारका नको.
अण्णा मूठ उघडून बघतात,
लिंबाएवढी, मग पेरूएवढी,
मग खिशात घालतात.

सुई टोचण्याआधी दंडाला स्पिरिट चोळतात,
ती वाचते आणि अडते. 'का पण?'
'हाताला सवय असती.
आमच्याकडं ताप आला की तारीख पुढं जायची.
डॉक्टर जीभ बघायचा. आधी बरा करायचा.'

आता नवीन निघालंय, तोंडावर मुखवटा
आणि नळीतून नुसता वायू,
छाती भरते, पण जीव पुरत नाही.
हे अण्णांना समजावून सांगावं लागत नाही.
हरिपूरच्या पेवात हळद वर्षानुवर्षं निजायची.
तोंड उघडलं की आधी दोरीनं कंदील सोडायचा,
विझला तर माणूस उतरायचा नाही.
'इलाही उतरला हुता. घाई हुती, ट्रक उभा हुता.
वर काढला तर तोंडावर नुसती पिवळी धूळ.
वराडला बी न्हाई.'
सानिका हे लिहून घेत नाही.

'आणि दोर?'
'आदल्या दिवशी वजन घ्यायचं.
हलक्या माणसाला जास्त खोल सोडाय लागतं,
जड माणसाला कमी. तक्ता असतो त्याचा.
आन वाळूचं पोतं टांगून बघायचं,
त्याच्या दीडपट.'
'दीडपट का?'
'दोर टिकतोय का बघाय.'
'म्हणजे त्यातला वरचा अर्धा माणूस कुणाचा?'

मी कुकर बंद करायला उठते.
शिट्ट्या मोजायच्या राहिल्यात.

यार्डात सौद्याच्या दिवशी
अण्णा पोत्याला पायाचा अंगठा लावून आकडा सांगायचे,
मागून काटाही तोच सांगायचा.
हमाल चहाची पैज लावायचे आणि हरायचे.
मला बघायला आले तेव्हा
ते मुलाकडं बराच वेळ टक लावून होते.
मला वाटलं, स्वभाव बघतायत.
'सदुसष्ट,' रात्री आईला म्हणाले.
आईनं भांडी पुन्हा एकदा धुतली.

शनिवारी दुसरा नंबर. स्टीलचा डबा.
पहिला मिरजेच्या एका मुलाचा, 'नसावी'वाला,
'तो रडला ना शेवटी,' सानिका धुसफुसते.

अण्णा डबा तळव्यावर घेतात, डोळे मिटून.
'चिठ्ठी ऱ्हाऊ दे. तुझं काय म्हणणं हाय?'
ती बूट काढते. एक मोजा काढते.
'मला काय माहीत? मला चिठ्ठी आली होती.'
'मलाबी,' अण्णा म्हणतात.

डबा उघडतात, लावतात,
पुन्हा उघडतात.
'झाकण घट्ट बसत न्हाई ह्याचं.'